लायसन नाकारलं, अपीलही फेटाळलं, आता हायकोर्टात काय होतं? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी लायसनच्या मॅटर चालवतो, हॉटेलवाले, मेडिकलवाले, रेशन दुकानदार, बियाणं-खतं विकणारे, बारवाले, फेरीवाले असे सगळे येतात आणि फोनवर, व्हॉट्सअॅपवर फिरून फिरून तेच प्रश्न विचारतात, म्हणून एकदा सगळं एका जागी लिहून काढलं. सगळं महाराष्ट्रातल्या मॅटरबद्दल आहे. कुठलाही प्रश्न सुटा वाचला तरी चालेल, आणि जिथे दुसऱ्या उत्तराचा संबंध येतो तिथे नंबर दिलाय.

१. लायसन नाकारल्यावर डायरेक्ट हायकोर्टात जाता येतं का?

बहुतेक वेळा नाही. ज्या कायद्याखाली अर्ज केला होता त्याच कायद्यात अपीलाची सोय आहे का हे आधी बघायचं, आणि असेल तर आधी तिथे जायचं. खाद्यपदार्थांचं लायसन नाकारलं तर अन्न सुरक्षा आणि मानके कायदा २००६ खाली अपील अन्न सुरक्षा आयुक्तांकडे जातं. मेडिकल दुकानाचं लायसन सस्पेंड किंवा कॅन्सल झालं तर १९४५ च्या औषध नियमांप्रमाणे तीन महिन्यांच्या आत राज्य सरकारकडे अपील असतं. फेरीवाल्याला विक्री प्रमाणपत्र नाकारलं तर २०१४ च्या पथविक्रेता कायद्यात नगर पथविक्रेता समितीच्या निर्णयावर स्थानिक प्राधिकरणाकडे, म्हणजे पालिकेकडे अपील आहे. हे न करता रिट (सरकारी निर्णयाविरुद्ध थेट हायकोर्टात केलेली याचिका) टाकली तर जज पहिला प्रश्न हाच विचारतात की अपील का नाही केलं, आणि त्यावर पटण्यासारखं उत्तर नसलं तर पाच मिनिटांत मॅटर संपते. याला अपवाद आहेत, ते ९ व्या प्रश्नात.

२. माझ्या छोट्या दुकानाला लायसन लागतं तरी का? गुमास्ता नाकारलाय असं सायबर कॅफेवाला म्हणतो.

गुमास्ता म्हणजे दुकानाची नोंदणी. २०१७ च्या दुकाने आणि आस्थापना कायद्याप्रमाणे वीसपेक्षा कमी कामगार असतील तर (२०२५ पर्यंत ही मर्यादा दहा होती) नोंदणीच लागत नाही, फक्त ऑनलाइन सूचना द्यायची आणि पोच घ्यायची. खूप जणांचा यात घोळ होतो. त्यांना "नोंदणी नाही" असं दिसतं आणि त्यांना वाटतं आपल्याला नाकारलं. आधी कागद नीट वाचा, सूचनेची पोच असेल तर तुमचं काम झालेलं आहे आणि अपील कशाचंच करायचं नाही. मात्र दुकानात खाण्याचे पदार्थ, औषधं, कीटकनाशकं असं काही विकत असाल तर त्या त्या कायद्याचं लायसन वेगळं लागतं, गुमास्त्याने ते भागत नाही.

३. धंदा करणं हा मूलभूत हक्क आहे ना? मग हे नाकारतातच कसे?

हक्क आहे, संविधानाच्या कलम १९(१)(छ) मध्ये, इंग्रजी प्रतीत (g). पण लगेच खाली १९(६) आहे, त्यात सार्वजनिक हितासाठी वाजवी बंधनं घालायची मुभा सरकारला दिलीय, आणि लायसन हे त्यातलंच एक बंधन. त्यामुळे नुसता "माझा हक्क आहे" एवढा मुद्दा घेऊन कोर्टात कोणी जिंकत नाही. बंधन वाजवी नव्हतं, किंवा नियमात नसलेलं कारण देऊन नाकारलं, किंवा कलम १४ चं उल्लंघन झालं म्हणजे मनमानी झाली, हे दाखवावं लागतं. दारूचं गणित वेगळं आहे. दारूच्या धंद्याचा मूलभूत हक्क कोणालाच नाही असं सुप्रीम कोर्टाने खोडे डिस्टिलरीजच्या केसमध्ये १९९४ साली स्पष्ट सांगितलंय, म्हणून बार आणि वाइन शॉपवाल्यांनी १९(१)(छ) वर भिस्त ठेवू नये. पण दारूवाल्यालासुद्धा मनमानीविरुद्ध कलम १४ मिळतं, तेवढा आधार कोणी काढून घेऊ शकत नाही.

४. नामंजुरीचं पत्र हातात आलंय. पहिलं काय करू?

पाकीट फेकू नका. मी हे प्रत्येकाला सांगतो आणि तरी दहा लोक पाकीट फाडून फेकून येतात. अपीलाची मुदत बहुतेक ठिकाणी ऑर्डर तुम्हाला मिळाल्याच्या तारखेपासून मोजतात. पत्रावर तारीख असते ३ तारखेची, ऑफिसच्या जावक रजिस्टरला नोंद होते १९ ला, आणि पोस्टमन आणून देतो २६ ला, मग ते २६ सिद्ध कशाने करणार तर पाकिटावरच्या पोस्टाच्या शिक्क्याने. ईमेल किंवा पोर्टलवर आली असेल तर तारखेसकट स्क्रीनशॉट काढून ठेवा.

दुसरं, माहिती अधिकाराचा अर्ज त्याच आठवड्यात टाका आणि पूर्ण फाईल मागा, म्हणजे नुसती ऑर्डर नाही तर आतल्या टिपण्या, इन्स्पेक्टरचा रिपोर्ट, पोलिसांचा किंवा फायरचा अभिप्राय, सगळं. उत्तराची मुदत ३० दिवस आहे. खरं कारण बऱ्याचदा पत्रात नसतं, टिपणीत असतं. माझ्याकडे एक हॉटेलवाले आले होते, पत्रात लिहिलं होतं "जागा योग्य नाही", आणि फाईल काढली तर इन्स्पेक्टरने जागा योग्य असल्याचा शेरा मारलेला, त्याच्या खाली वेगळ्या पेनने कोणीतरी "चर्चा करावी" लिहिलेलं, आणि त्यानंतरचं पान थेट नामंजुरी. ते एक पान आमच्या अख्ख्या अपीलापेक्षा जास्त बोललं.

माहिती अधिकाराचं उत्तर येईपर्यंत अपील थांबवू नका. मुदतीत अपील टाका आणि "कागद मिळाल्यावर जादा मुद्दे मांडण्याची परवानगी असावी" अशी एक ओळ त्यात घाला.

५. पत्रात फक्त "आपला अर्ज नामंजूर करण्यात येत आहे" एवढंच आहे, कारणच नाही. हे चालतं का?

चालत नाही, आणि तुमच्या दृष्टीने हा सगळ्यात भक्कम मुद्दा आहे. ज्या ऑर्डरने माणसाच्या हक्कावर परिणाम होतो तिच्यात कारणं पाहिजेत हे सुप्रीम कोर्टाने बऱ्याच वेळा सांगितलंय, १९९० च्या एस. एन. मुखर्जी केसमध्ये आणि २०१० च्या क्रांती असोसिएट्समध्ये तर अगदी तपशिलात.

मला मात्र यातली सगळ्यात जुनी केस आवडते, कारण ती आपल्या मुंबईचीच आहे. अंधेरीला एकाला सिनेमा थिएटर बांधायचं होतं. पोलीस कमिशनरने १९४७ च्या जुलैमध्ये परवानगी दिली आणि दोनच महिन्यांत पत्र पाठवलं की सरकारच्या आदेशावरून तुमची परवानगी रद्द करण्यात येत आहे. कोर्टात मात्र कमिशनरचं म्हणणं असं की तो निर्णय माझाच होता. सुप्रीम कोर्टाने १९५१ साली, गोरधनदास भानजीच्या केसमध्ये, ते मानलं नाही. ऑर्डर जशी लिहिलीय तशीच वाचायची, ती काढणाऱ्या अधिकाऱ्याच्या मनात काय होतं हे तो नंतर येऊन सांगणार आणि आपण ऐकणार असं चालत नाही. आणि कायद्याने अधिकार कमिशनरला दिलाय तर निर्णयही त्यानेच घ्यायचा, वरून आलेला हुकूम नुसता पुढे पाठवायचा नाही. पुढे मोहिंदर सिंग गिलच्या केसमध्ये न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी हाच धागा धरून लिहिलं की ऑर्डर म्हणजे जुनी दारू नव्हे, जितकी जुनी होईल तितकी चांगली व्हायला.

याचा उपयोग असा की सरकारी वकील हायकोर्टात अफिडेव्हिट करून नवीन कारणं घालायला लागले की तुमच्या वकिलाने तिथेच उभं राहून सांगायचं, ही कारणं ऑर्डरमध्ये नाहीत. हे नेहमी घडतं, ऑर्डर एका ओळीची आणि अफिडेव्हिट चौदा पानांचं.

६. मला न बोलावताच नाकारलं. सुनावणी द्यायलाच पाहिजे होती ना?

कशावर अवलंबून आहे ते सांगतो. चालू लायसन रद्द केलं असेल तर कारणे दाखवा नोटीस आणि सुनावणी पाहिजेच, तिथे फारसा वादच नसतो. रिन्यूअल नाकारलं असेल तरी जवळपास तेच, कारण इतकी वर्षं चाललेला धंदा पुढे चालेल ही तुमची रास्त अपेक्षा असते. नवीन अर्ज असेल तर कायदा काय म्हणतो ते बघावं लागतं. अन्न सुरक्षा कायद्यात नवीन अर्ज नाकारण्याआधीसुद्धा अर्जदाराला म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते आणि ऑर्डरची प्रत द्यावी लागते, तसं कलम ३१ मध्येच लिहिलंय. काही कायद्यांमध्ये असं काही लिहिलेलंच नसतं, तिथे तुमच्याविरुद्धचा एखादा रिपोर्ट तुम्हाला न दाखवता वापरला का, हा मुद्दा जास्त चालतो.

एक सावधगिरी. नुसतं "मला ऐकलं नाही" म्हणून आता भागत नाही, ऐकलं असतं तर काय सांगितलं असतं हे पण दाखवावं लागतं. २०२० च्या सुधीर कुमार सिंग केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की नुकसान काय झालं ते दिसलं पाहिजे, ज्या गोष्टी तुम्ही नाकारतच नाही त्यावर सुनावणी घेऊन उपयोग काय. म्हणून अपीलात लिहा, की मला बोलावलं असतं तर मी फायरचं नवं प्रमाणपत्र दाखवलं असतं, अमुक तारखेची भाडेपावती दाखवली असती.

७. नाकारलं पण नाही आणि दिलं पण नाही. आठ महिने अर्ज पडून आहे, काय करू?

ती सेवा महाराष्ट्र लोकसेवा हक्क कायदा २०१५ खाली अधिसूचित आहे का ते आपले सरकार पोर्टलवर बघा. असेल तर ठरलेली मुदत संपली की ३० दिवसांत पहिलं अपील करता येतं, नंतर दुसरं, आणि शेवटी आयोगाकडे. दिरंगाई करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो, रक्कम मोठी नाही पण नुसत्या अपीलाच्या नोटिशीने फाईल हलते असा माझा अनुभव आहे.

खाद्यपदार्थांच्या लायसनला तर कायद्यातच मोठी सवलत आहे आणि ती फार कमी लोकांना माहीत असते. अर्ज केल्यापासून दोन महिन्यांत लायसन दिलं नाही आणि अर्ज फेटाळलाही नाही तर अर्जदार धंदा सुरू करू शकतो आणि मग अधिकारी लायसन नाकारू शकत नाही, गरज वाटली तर सुधारणेची नोटीस देऊ शकतो. मात्र अर्जाची पोच जपून ठेवा, आणि त्रुटीचं पत्र आलं होतं का ते पोर्टलवर लॉगिन करून तपासा, कारण त्रुटी काढलेली असेल आणि तुम्ही ती पुरी केली नसेल तर दोन महिन्यांचा हिशोब बिघडतो.

याने काहीच झालं नाही तर हायकोर्टात "अर्जावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या" एवढीच मागणी करून रिट टाकता येते. अशी रिट पटकन निघते कारण सरकारलाही त्याला विरोध करायला जागा नसते.

८. अपीलात नक्की काय लिहायचं? आमचा एजंट म्हणतो एका पानाचा विनंती अर्ज पुरे.

एका पानाच्या विनंती अर्जाने तुम्ही पुढची मॅटर स्वतःच्या हाताने मारता. हायकोर्टात तुम्हाला नवीन साक्षीपुरावे द्यायला मिळत नाहीत, जज तीच फाईल बघतात जी अपील अधिकाऱ्यासमोर होती. जे अपीलात नाही ते कोर्टात नाही असंच समजून चाला.

म्हणून अपीलात ऑर्डरमधलं एकेक कारण घ्या आणि त्याच्या समोर तुमचं उत्तर आणि त्या उत्तराचा कागद लावा. पार्किंग नाही म्हणतात तर सोसायटीचं पत्र, रस्ता अरुंद म्हणतात तर मोजणीचा नकाशा. कुठल्या नियमाखाली नाकारलं ते लिहिलेलं नसेल तर तोच मुद्दा वेगळा लिहा. शेवटी अंतरिम स्थगितीची मागणी वेगळ्या परिच्छेदात करा. सगळ्या पानांना नंबर टाका आणि दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या, शिक्क्यात तारीख पुसट आली तर तिथल्या तिथे परत मारून घ्या.

सुनावणीच्या दिवशी तोंडी बोलून घरी येऊ नका. लेखी युक्तिवाद द्या आणि त्याचीही पोच घ्या. रोजनाम्यावर (सुनावणीची सरकारी नोंद) सही करायच्या आधी तो वाचा. "अपीलकर्त्याने कोणतेही नवीन म्हणणे मांडले नाही" असं लिहिलेलं असतं आणि लोक घाईत सही करून मोकळे होतात, मग हायकोर्टात तो रोजनामा तुमच्याच समोर धरला जातो.

९. अपील न करता थेट रिट कधी चालते?

व्हर्लपूलच्या १९९८ च्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने हे अपवाद मांडले आणि २०२१ मध्ये राधा कृष्ण इंडस्ट्रीजमध्ये पुन्हा सांगितले. मूलभूत हक्काचा प्रश्न असेल, नैसर्गिक न्याय (म्हणजे तुमचं म्हणणं ऐकून निःपक्षपणे निर्णय देणं) पाळला नसेल, अधिकाऱ्याला अधिकारच नसेल, किंवा ज्या कायद्याखाली नाकारलं तो कायदाच घटनाबाह्य आहे असं तुमचं म्हणणं असेल तर थेट जाता येतं. पण हे कोर्टाच्या मर्जीवर आहे, तुमचा हक्क म्हणून नाही. आणि "नैसर्गिक न्याय" हे शब्द रिटमध्ये नुसते लिहिले म्हणून अपवाद लागू होत नाही, कागदावर दिसलं पाहिजे. अधिकाऱ्याला अधिकार नव्हता हा प्रकार मला सगळ्यात सोपा वाटतो, म्हणजे कायदा म्हणतो सक्षम प्राधिकारी म्हणून जिल्हाधिकारी आणि सही आहे नायब तहसीलदाराची.

१०. अपीलाची मुदत निघून गेली. आता डायरेक्ट रिट टाकली तर?

हा शॉर्टकट बंद झालाय. आधी उशीर माफीचा अर्ज लावून अपीलच टाका, कायद्यात जेवढी माफी देता येते तेवढ्यात असाल तर आजारपण, पत्र उशिरा मिळणं अशी खरी कारणं कागदासकट दिली की बहुतेक अधिकारी माफ करतात. पण माफीची कमाल मुदतसुद्धा उलटली असेल तर २०२० च्या ग्लॅक्सो स्मिथ क्लाइन निकालानंतर फार अवघड आहे, अशा वेळी हायकोर्टाने रिट घेऊन कायद्यातली मुदत निरर्थक करू नये असं त्यात म्हटलंय. ती केस विक्रीकराची होती पण लायसनच्या मॅटरमध्येही सरकारी वकील तीच दाखवतात. अशांना मी सरळ सांगतो, त्रुटी दूर करून नवीन अर्ज करा.

११. सुनावणी एका साहेबांनी घेतली, मग त्यांची बदली झाली आणि ऑर्डर दुसऱ्याने काढली. चालेल?

नाही. ज्याने ऐकलं त्यानेच निर्णय द्यायचा. आंध्रमधल्या बस वाहतुकीच्या एका केसमध्ये, गुल्लापल्ली नागेश्वर राव, हरकती ऐकल्या सचिवांनी आणि निर्णय घेतला मुख्यमंत्र्यांनी, तेव्हा सुप्रीम कोर्टाने म्हटलं की ही सुनावणी नावापुरतीच झाली. आपल्याकडे रेशन दुकान, मेडिकल अशा मॅटर मंत्रालयापर्यंत जातात आणि तिथे खातेबदल झाला की हे हमखास घडतं. नवीन मंत्री किंवा अधिकारी आल्याचं कळलं की लगेच लेखी अर्ज द्या की आम्हाला नव्याने ऐकावं. असा अर्ज फाईलवर असताना न ऐकता ऑर्डर निघाली तर हायकोर्टात तुमचं काम सोपं झालं.

१२. कायद्यात लिहिलंय "अपील प्राधिकाऱ्याचा निर्णय अंतिम राहील". म्हणजे कोर्टाचा रस्ताच बंद?

नाही, तो "अंतिम" शब्द फक्त त्या खात्याच्या आतल्या उतरंडीपुरता आहे. कलम २२६ आणि २२७ खालचा हायकोर्टाचा अधिकार संविधानाच्या मूळ चौकटीचा भाग आहे, कुठलाही साधा कायदा तो काढून घेऊ शकत नाही. १९९७ चा एल. चंद्रकुमारचा निकाल यासाठीच आहे.

१३. हायकोर्ट नक्की काय बघतं? माझी बाजू खरी आहे हे पटलं तरी नाकारू शकतात का?

हो, शकतात, आणि लोकांना सगळ्यात जास्त इथेच धक्का बसतो. रिट हे दुसरं अपील नाही. १९९४ च्या टाटा सेल्युलर निकालात सांगितल्याप्रमाणे कोर्ट निर्णय बघत नाही, निर्णय कसा घेतला ते बघतं.

एक उदाहरण घेऊ. दुकानापासून शाळेचं अंतर ७५ मीटर पाहिजे आणि इन्स्पेक्टर म्हणतो ७१ आहे, तुम्ही म्हणता ७८. अपील अधिकाऱ्याने दोन्ही मोजण्या बघून ७१ धरलं तर हायकोर्ट स्वतः टेप घेऊन मोजत नाही, ते म्हणणार हा तथ्याचा प्रश्न आहे. पण अधिकाऱ्याने तुमच्या मोजणीचा कागद बघितलाच नाही, ऑर्डरमध्ये त्याचा उल्लेखसुद्धा नाही, किंवा नियम म्हणतो गेटपासून मोजा आणि त्यांनी कंपाउंडच्या भिंतीपासून मोजलं, तर ती कायद्याची चूक झाली आणि कोर्ट ऑर्डर रद्द करतं. मॅटर तीच, अंतर तेच, फक्त तुम्ही ती कोर्टासमोर कशी मांडता याचा फरक.

या रेषेवरची मोठी केस म्हणजे १९६३ चा सय्यद याकूब निकाल. ती बसच्या परमिटचीच मॅटर होती आणि त्यात हायकोर्टाने ट्रिब्युनलच्या तथ्यांच्या निष्कर्षात हात घातला म्हणून सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाचाच निकाल फिरवला. निष्कर्षाला काहीच पुरावा नसेल किंवा महत्त्वाचा पुरावा चुकीने बाजूला ठेवला असेल तरच तथ्यात शिरता येतं.

म्हणून वकिलाकडे जाताना "माझ्यावर अन्याय झाला" याच्या पुढे जाऊन कुठला नियम मोडला, कुठला कागद वाचला नाही, कुठली असंबद्ध गोष्ट विचारात घेतली, हे तुमच्या तोंडात पाहिजे.

१४. जिंकलो तर कोर्ट लायसन देईल ना?

साधारणपणे नाही. ऑर्डर रद्द होते आणि मॅटर परत त्याच अधिकाऱ्याकडे जाते, "इतक्या आठवड्यांत नव्याने, कारणांसह निर्णय घ्या" म्हणून. याला रिमांड म्हणतात आणि बहुतेक जिंकलेल्या मॅटरचा शेवट असाच होतो. क्वचित, जिथे सगळ्या अटी पुऱ्या आहेत आणि अधिकाऱ्याकडे विचार करायला काही उरलेलंच नाही, तिथे कोर्ट थेट देण्याचा आदेश काढू शकतं, जगन्नाथनच्या १९८६ च्या निकालाने तेवढी वाट ठेवलीय. रिटमध्ये दोन्ही मागण्या घाला, मुख्य आणि पर्यायी.

१५. चॅलेंज मूळ नामंजुरीला करायचं की अपीलाच्या ऑर्डरला?

दोन्हीला. अपीलात निर्णय झाला की मूळ ऑर्डर त्यात विलीन होते, त्यामुळे नुसत्या मूळ ऑर्डरविरुद्ध रिट केली तर अपीलाची ऑर्डर तशीच उभी राहते. अपील नुसतं मुदतीबाहेर म्हणून फेटाळलं असेल तर गुंता वाढतो, त्यासाठी १० वा प्रश्न बघा.

१६. कुठल्या बेंचला जायचं आणि किती दिवसांत?

जिल्ह्यावर ठरतं. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर ही ठिकाणं जुनीच, आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय, त्यात कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग येतात, त्यामुळे या सहा जिल्ह्यांतल्यांची मुंबईची फेरी वाचते. रिटला कायद्यात ठरलेली मुदत नाही, पण उशीर झाला की कोर्ट विचारतं इतके दिवस काय करत होतात. मी तीन महिन्यांच्या आत टाका असं सांगतो, वर्ष उलटलं की प्रत्येक महिन्याचा खुलासा द्यावा लागतो.

१७. मॅटर चालू असेपर्यंत दुकान चालू ठेवता येईल का?

चालू लायसन रद्द झालं असेल किंवा रिन्यूअल नाकारलं असेल तर स्टे (स्थगिती) मागता येतो आणि मिळाला तर दुकान चालू राहतं. नवीन लायसन नाकारलं असेल तर स्टेचा उपयोग नाही, कारण नामंजुरीला स्टे दिला तरी त्यातून लायसन तयार होत नाही. काही जण "मॅटर कोर्टात आहे" असा बोर्ड लावून शटर उघडतात. असं अजिबात करू नका, गुन्हा दाखल होतो आणि तोच गुन्हा पुढच्या सुनावणीत तुमच्या विरोधात वाचून दाखवतात. तेवढा काळ भाडं आणि पगार अंगावर पडतात, मला त्याची कल्पना आहे, म्हणूनच लवकर सुनावणीसाठी अर्ज देताना भाडेकरार आणि पगारपत्रक जोडायला सांगतो.

१८. शेजारच्याला सेम जागेत, सेम रस्त्यावर दिलं आणि मला नाही दिलं. हा भेदभाव नाही का?

शेजाऱ्याला नियमाप्रमाणे दिलं असेल आणि तुम्हीही त्याच नियमात बसत असाल तर आहे, आणि कलम १४ खाली मुद्दा चांगला आहे. पण शेजाऱ्याला नियम मोडून दिलं असेल तर "मलाही तसंच द्या" म्हणता येत नाही. चंदीगड प्रशासन विरुद्ध जगजित सिंगमध्ये १९९५ साली सुप्रीम कोर्टाने हेच सांगितलं, एकाच्या बाबतीत केलेली बेकायदा गोष्ट दुसऱ्याच्या बाबतीत परत करायला कोर्ट भाग पाडत नाही. त्यामुळे शेजाऱ्याचे कागद काढण्याआधी विचार करा, कधीकधी त्याचं जातं आणि तुमचंही येत नाही.

१९. अर्ज केला तेव्हा नियम वेगळा होता, त्यांनी उशीर केला आणि मधे नियम बदलला. कुठला लागू?

साधारणपणे निर्णयाच्या दिवशीचा. हिंद स्टोनच्या १९८१ च्या निकालात खाणपट्ट्याचे अर्ज बराच काळ पडून होते, तरी निकाली काढायच्या दिवशीचेच नियम लागतील असं ठरलं, अर्ज केल्याने हक्क पक्का होत नाही. मला हे कठोर वाटतं, कारण उशीर सरकारचा आणि भोगायचं अर्जदाराने, पण कायदा आज असाच आहे. यावरचा व्यवहारी उपाय ७ व्या प्रश्नात आहे, उशीर व्हायला लागला की तेव्हाच हायकोर्टातून वेळ ठरवून घ्या.

२०. पोलिसांनी "चारित्र्य ठीक नाही" एवढ्या शेऱ्यावर एनओसी नाकारली. याला काही अर्थ?

काय केलं, कधी केलं, कुठला गुन्हा, हे नसेल तर शेरा लढण्यासारखा आहे. डान्स बारच्या जानेवारी २०१९ च्या निकालात सुप्रीम कोर्टाने महाराष्ट्राच्या २०१६ च्या कायद्यातल्या आणि त्याखालच्या नियमांतल्या काही अटी रद्द केल्या, त्यात अर्जदाराच्या चांगल्या चारित्र्याची अट होती, कारण त्याचा नेमका अर्थच कुठे दिलेला नव्हता. शाळा आणि देवस्थानांपासून एक किलोमीटरची अटही तेव्हाच गेली, मुंबईसारख्या शहरात ती पाळणं अशक्य म्हणून. पण तुमच्यावर खरंच गुन्हा असेल तर तो रिटमध्ये लपवू नका. कोर्टापासून गोष्ट लपवली हे कळलं की मुद्दा कितीही चांगला असला तरी मॅटर तिथेच बाद होते.

२१. समोर दुसऱ्याला नवीन लायसन दिलं, माझा धंदा बुडेल. मी ते कोर्टात रद्द करून घेऊ शकतो का?

नुसत्या स्पर्धेच्या कारणावर नाही. गुजरातमधल्या एका थिएटर मालकाने समोरच्या नव्या थिएटरच्या एनओसीला चॅलेंज केलं होतं, जसभाई देसाईंची १९७६ ची केस, आणि सुप्रीम कोर्टाने सांगितलं की धंद्यातलं नुकसान म्हणजे कायदेशीर हक्काचं नुकसान नव्हे.

२२. रिमांड झाला आणि त्यांनी परत तीच ऑर्डर काढली, किंवा काढतच नाहीत. मग?

काढतच नसतील आणि कोर्टाने दिलेली मुदत संपली असेल तर अवमान याचिका, पण ती एका वर्षाच्या आत. त्याआधी कोर्टाच्या ऑर्डरची प्रत जोडून एक पत्र द्या, आवक शिक्क्यासकट, बऱ्याचदा "आम्हाला ऑर्डर मिळालीच नाही" हेच उत्तर असतं. परत तीच ऑर्डर, तेच शब्द असतील तर नवीन रिट टाका आणि दोन्ही ऑर्डर शेजारी शेजारी ठेवून टाइप करून द्या, डावीकडे जुनी, उजवीकडे नवी. जजना एका नजरेत दिसतं की डोकं लावलेलंच नाही, आणि १४ व्या प्रश्नात सांगितलेला थेट आदेश मिळण्याची शक्यता इथे जास्त असते.

२३. हायकोर्टातही हरलो. आता पुढे?

सुप्रीम कोर्टात कलम १३६ खाली विशेष अनुमती याचिका, ९० दिवसांत. पण खर्च बघा आणि निकाल वाचा. हायकोर्टाने नाकारलं ते कशावर, तुमच्या जागेत खरोखर त्रुटी आहे म्हणून असेल तर ती त्रुटी काढून नवीन अर्ज करण्यात कमी पैसे आणि कमी वेळ जातो, आणि जुनी नामंजुरी नव्या अर्जाला आपोआप आड येत नाही. फक्त नव्या अर्जात जुन्या नामंजुरीचा आणि कोर्टाच्या निकालाचा उल्लेख करा, काय बदललं ते फोटो आणि प्रमाणपत्रांसकट दाखवा, आणि या वेळी पहिल्या दिवसापासून प्रत्येक कागदाची पोच एका वेगळ्या फाईलमध्ये लावत जा.